हात चालतील, चेहरा नको

"हात चालतील तुझे. चेहरा नको फ्रेममध्ये."

वहिनी हे अगदी गोड बोलल्या. आखातात, अल सद्द भागातल्या त्यांच्या हॉलमध्ये, सगळ्या बायकांसमोर. फुटबॉलचा वर्ल्ड कप जवळ येत होता, जो तो कार्यक्रम बसवत होता. आमच्या मराठी मंडळानेही व्हिडिओ करायला घेतला होता: टीव्ही नवा होता तेव्हा त्यावर साड्यांची फॅशन कशी दाखवायचे, त्याची नक्कल. वहिनींच्या मुलीला मी कामकरी बाईचं काष्ट्याचं लुगडं नेसवत होते. ते नेसवता येणारी मी एकटीच. वहिनींचे यजमान माझे मॅनेजर, आणि माझं कॉन्ट्रॅक्ट त्याच महिन्यात संपत होतं. हसू आलं नाही, तरी हसले.

असा कार्यक्रम मी खराखुरा पाहिलाय. आई मुंबईत बिगारी. टीव्ही केंद्राजवळच्या इमारतीवर घमेली वाहायची. एकदा तिथली बाई येऊन तिला घेऊन गेली. फॅशनमध्ये लुगडं दाखवायचं होतं आणि त्यांच्या मॉडेलला काष्टा घालता येत नव्हता. आईने वस्तीभर सांगितलं, मी टीव्हीत दिसणार. मुकादमाच्या दारात आम्ही दाटीवाटीने बसलो. पडद्यावर केसात फूल माळलेली गोरी पोरगी. तिच्या कमरेशी दोन हात आले, निऱ्या खोचून गेले. संपलं.

मुकादमाची बायको म्हणाली, "कुठंय गं तुझी आई?" सगळे हसले.

"हात माजेच हायेत की," आई म्हणाली. घरी येऊन ती जेवली नाही.

अल सद्दच्या हॉलमध्ये माझं डोकं सणकलं. काष्टा अर्धाच सोडून मी उभी राहिले.

"चेहरा नको, तर हातही नाहीत, वहिनी."

"अगं, एवढं काय मनाला लावून घेतेस? स्क्रीनवर फ्रेश चेहरे लागतात." मग हळूच, "ह्यांना काय सांगू मी?"

पोरगी सुटणारं लुगडं धरून म्हणाली, "ममा, लेट हर बी इन इट ना." वहिनींनी तिला डोळ्यांनीच गप्प केलं.

"झालं ते सांगा," मी म्हणाले आणि चप्पल घातली. लिफ्टमध्ये भीती वाटली, खोटं कशाला बोलू.

कॉन्ट्रॅक्ट वाढलं नाही. "बजेट नाही, खलास," साहेब म्हणाले. माझ्याकडे न बघता.

आईने अपमान गिळला, कारण सकाळी तिला घमेलं उचलायचं होतं. तिला मी दोष देत नाही. पण मी गिळणार नाही. जिथे माझे हात लागतील तिथे माझं तोंडही दिसेल. ज्यांना ते चालत नाही, त्यांनी आपल्या निऱ्या आपण खोचाव्यात.