उडी झाली, धाव राहिली

कुंभकोणमच्या टॉकीजमध्ये बातमीपट चालला होता: बर्फावरची शर्यत, आधी उडी आणि मग लांबची धाव. पायांना लांब फळ्या बांधलेला माणूस बर्फाच्या उतारावरून उडाला, अलगद उतरला, आणि मी उभा राहून टाळ्या पिटल्या.

"बसा हो," मागून कुणी ओरडलं, "त्याला अजून मैलोगणती पळायचंय!"

शेजारचे काका पुढे वाकून बघत होते. त्यांना मीच जटक्यात, आमच्याकडच्या टांग्यात, घालून आणलं होतं. जिन्यावरून पडून मोडलेला पाय सांधला, डॉक्टरांनी चाला म्हटलं, तरी ते ओट्यावर बसून मांडी चोळत सगळ्यांना सांगत, "झालं आमचं."

दुसऱ्या सकाळी ते काठी टेकत साक्कोट्टैच्या रस्त्याला लागले. दारोदार थांबून धापा टाकत म्हणत, "उडी झाली, आता धाव!"

मी ओट्यावरून कॉफी पीत कौतुक करत होतो.

बायको म्हणाली, "टाळ्या पुरे. तुम्हाला उडी माफ, भाजीपुरतं तरी धावा."