लिझेटची आय

सांगू की नको, असं चार दिवस चाललंय माझं. सांगतेच. पण हसलात तर चहाचा कप काढून घेईन.

माझी लेक ईशा, जन्म इथलाच, नेपरव्हिलचा. लहानपणी 'आई' म्हणायची. शाळेत गेली आणि मी 'मॉम' झाले ती झालेच. आता तिशीची आहे. मी कधी बोलून दाखवलं नाही, पण लागून राहिलंय ते मनाला.

ख्रिसमसच्या सुट्टीत घरी आली, तर तिच्या खोलीतून गाणं. कोणी लिझेट नावाची फ्रेंच गायिका चक्क "आय, आय, आय" करत होती, जीव तोडून. आमच्या साताऱ्याकडे आईला आयच म्हणतात, मीही म्हणायचे. मी जिन्यातच बसले. डोळे भरून आले हो. पोरीला तोंडानं म्हणवत नाही, म्हणून गाण्यातून म्हणते. दुसरं काय असणार?

"कोण गं ही?"

"शी इज अ लेजंड, मॉम."

झालं. लिझेटचं अख्खं आयुष्य मी वाचून काढलं, कॉम्प्युटरनं केलेल्या भाषांतरात. बंदरावरचं गाव, शिवणकाम करणारी आई. सतराव्या वर्षी पॅरिसला पळाली. पहिल्याच गाण्यानं नाव झालं, मग आवाज बसला, वर्षानुवर्षं कुणी विचारलं नाही, आणि पन्नाशीत बया पुन्हा उभी राहिली. एवढ्या सगळ्यात आईला मात्र विसरली नाही, हा शोध माझा.

आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या बायकांची लायब्ररीत बैठक होती, तिथे यावरच बोलले. गाणं लावलं. म्हटलं, "बघा, सातासमुद्रापार, पण हाक तीच." चौघींनी डोळे पुसले. मला न्यायला आलेली ईशा मागे उभी होती, खाली मान घालून. मला वाटलं, रडतेय.

केतकी म्हणून एक मुलगी आहे, पुण्याहून एमएस करायला आलेली. शाळेत फ्रेंच घेतलेलं. ती हळूच म्हणाली, "काकू, आईला ते 'मामाँ' म्हणतात. 'आय' म्हणजे... आऊच. नाचताना तिचा बूट चावतोय."

ईशा रडत नव्हती, हे तेव्हा कळलं.

पार्किंगमध्ये मी तरातरा पुढे. मागे बर्फावरून ईशाचा पाय सटकला आणि ती ओरडली, "आई गं!"

मी "ओ, आले गं बाळा" म्हणत धावले.

ती गुडघा धरून हसत होती. "मॉम, दॅट्स जस्ट आऊच."

असेल. मी ओ देऊन बसले होते.