डोळे तेवढे राहिले

"कृष्णाचे डोळे तेवढे लिहून दे, अन् मागच्या दारानं जा. हिंगं थांबूं नको, पाहुणे येतील."

मालकाच्या पोराची आई म्हणाली. त्याच्या लग्नाच्या सकाळी. दाराला केळीचे खांब, ओसरीवर नादस्वरम वाजत. चित्रांच्या कारखान्यातल्या सगळ्या बायकांना तिनं हळदकुंकू लावलं, फुलं दिली. ताट माझ्यासमोरून तसंच पुढं गेलं.

आमच्या तंजावरच्या चित्रांत देवाचे डोळे सगळ्यात शेवटी रंगवतात. खडे, सोन्याचा वर्ख आम्ही बायका लावायचो. डोळे मात्र मालकाच्या घरच्या हातानं. रीतच तशी. पण मालकाच्या पोराचा हात दारूनं थरथरायचा. सहा वर्षं दार लावून ते डोळे मी रंगवले. खाली नाव त्याचं. परदेशात माल जायला लागला तसं ते नाव मोठं झालं.

त्याच बंद दाराआड प्रेमही चाललं होतं. माझ्या बाजूनं तरी प्रेमच. "पोंगल झाला की लग्न करू," म्हणायचा. सहा पोंगल गेले. मला दिवस गेले, तर पाडायला लावलं. मारलंही. माझ्या भावानं घराचं दार बंद केलं. याचं लग्न ठरलंय हे मला पत्रिका छापून आल्यावर कळलं. तिरुवैयारूच्या पुलावर जीव द्यायला गेले, तर कावेरीत नुसती वाळू. मरणसुद्धा मिळेना मला.

आणि तरी त्या सकाळी मी ब्रश घेऊन गेले. बोलावलं म्हणून गेले! त्याची लाज मला अजून वाटते.

समोर नवरीला द्यायचा बाळकृष्ण. वर्ख माझा, खडे माझे. डोळ्यांच्या जागी कोरा पांढरा रंग. आणि खाली त्याची सही. आधीच करून ठेवलेली, वाळलेली.

मी ब्रश धुतला. पदरात बांधला. उठले.

"देवाला आंधळा ठेवून जातेस काय गे?" त्याची आई म्हणाली.

"खाली ज्याचं नाव आहे त्याला सांगा."

पुढच्या दारानं, पाहुण्यांमधून बाहेर पडले.

आता ओरत्तनाडूत एका खोलीत राहते. काम कमी मिळतं, माझी बदनामी माझ्याआधी पोचते. कित्येक सकाळी अंथरुणातून उठवत नाही. पण चित्र हाती आलं की पहिल्यांदा खाली माझं नाव घालते, तमिळमध्ये, इथल्या माणसांना वाचता यावं म्हणून. नाव वाळेपर्यंत डोळ्यांना ब्रश लावत नाही. देव असला तरी थांबेल.