क्विन, बेल आणि मधला विली

वसईतल्या गिरीज गावच्या विली तुस्कानोला दुबईच्या ऑफिसात डॉक्युमेंट कंट्रोलर म्हणत. नाव भारदस्त, काम पोस्टमनचं. इमारतींचे नकाशे आणि पत्रं यांवर शिक्का मारायचा, नंबर टाकायचा, वहीत सही घ्यायची आणि कागद या टेबलावरून त्या टेबलावर पोचवायचा. वसई सोडून त्याला सोळा वर्षं झाली होती. त्यातली शेवटची सहा त्याने दोन केबिनच्या मधल्या नऊ पावलांत काढली होती.

एका केबिनमध्ये डर्मट क्विन, डिझाइनचा मॅनेजर. समोरच्या केबिनमध्ये नॉर्मन बेल, करारमदारांचा मॅनेजर. दोघेही उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टचे, दोघेही पन्नाशीचे, दोघांच्याही माना उन्हाने उकडलेल्या कोलंबीसारख्या लाल. आणि दोघे एकमेकांशी चकार शब्द बोलत नसत. क्विनला बेलकडचा स्टेपलर हवा असला तरी रीतसर पत्र निघे. विली त्यावर शिक्का मारी, नऊ पावलं चाले, बेलची सही घेई आणि स्टेपलर घेऊन परते. संध्याकाळी स्टेपलर परत केल्याची पोच निघे ती वेगळी.

विलीने याचा कधी फार विचार केला नाही. गिरीजमध्ये दोन सख्खे चुलतभाऊ बावखलाच्या, म्हणजे वाडीतल्या तळ्याच्या, पाण्यावरून एकवीस वर्षं बोलत नव्हते. तशातलंच काही असेल असं त्याने धरलं होतं. आयरिश म्हणजे कॅथलिक, याबद्दल तर त्याच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. त्याच्या शाळेतली छडी मारणारी सिस्टर आयरिश होती, एवढा पुरावा त्याला पुरे होता.

विलीची स्वतःची एक खोड होती, आणि ती आईकडून आली होती. नोव्हेंबर हा मेलेल्यांचा महिना. गिरीजमध्ये घरोघरी मृतांच्या नावांची यादी होते आणि चर्चमध्ये मिस्साच्या, म्हणजे सामुदायिक प्रार्थनेच्या, वेळी ती वाचली जाते. विलीची आई म्हणायची, ज्याचं मीठ खाल्लं त्याची मेलेली माणसंही आपल्याच यादीत आली पाहिजेत, नाहीतर मीठ अळणी. त्यामुळे विलीच्या यादीत त्याचे आजोबा-पणजोबा होतेच, शिवाय अबुधाबीच्या पहिल्या मालकाचे लेबनीज वडील होते आणि उम्म अल कुवैनच्या गोदामातल्या मुरलीधर फोरमनची बायकोही होती. प्रत्येक नावापुढे वय. दुबईत महिन्यातून एकदा, शुक्रवारी, चर्चच्या मागच्या हॉलमध्ये मराठी मिस्सा व्हायची आणि आवाज खणखणीत म्हणून यादी वाचायचं काम विलीकडेच असे. त्याची बायको इसाबेल म्हणे, "विली, तुझ्या यादीत जितके हिंदू आहेत तितके आपल्या बिल्डिंगमध्येसुद्धा नाहीत."

दोन हजार आठचा नोव्हेंबर उजाडला तोच वाईट. जगभर मंदी आली आणि शेख झायेद रोडवरच्या क्रेन एकेक करून थांबल्या. एचआरच्या रुकय्याबाई पहिल्याच आठवड्यात विलीपाशी येऊन हळूच म्हणाल्या, "विलीभाई, ऊपर से ऑर्डर है. क्विन और बेल मिल के बतायेंगे. या तो दोनों में से एक मॅनेजर जायेगा, या नीचे के चार लोग. महीने के एंड तक नाम चाहिये."

आता स्वतःच्या हाताने स्वतःची मान कोण कापणार? खालचेच चार जाणार हे उघड होतं, आणि त्यात पहिला विली, कारण तो दोन्ही खात्यांचा आणि म्हणून कुणाचाच नव्हता. नोकरी गेली की व्हिसा रद्द, महिन्याभरात गाशा गुंडाळायचा. आणि त्याची क्लेअर दहावीला होती. परीक्षा मार्चमध्ये. अल बर्शाच्या घरात रात्रंदिवस तिचं बीजगणित चाललं होतं. "फक्त एप्रिलपर्यंत टिकू दे," एवढीच विलीची प्रार्थना होती. मग परमेश्वराने त्याला केळी विकायला बसवलं तरी त्याची तक्रार नव्हती.

प्रार्थनेला थोडा हातभार लावावा म्हणून विलीने दोन्ही साहेबांना खूश करायचं ठरवलं. क्विनच्या भावाचं नाव तीन वर्षांपासून त्याच्या यादीत होतंच: ओवेन क्विन, वय एकोणीस. राहिला बेल. बेलच्या टेबलावर दुधाच्या गाडीला टेकून हसणाऱ्या एका पोराचा फोटो असे.

"सर, हे कोण?"

"भाऊ. गेला."

गिरीजमध्ये पुढचा प्रश्न 'कसा गेला?' हाच असतो, पण गोऱ्या साहेबापुढे विलीची जीभ रेटली नाही. त्याने नाव आणि वय तेवढं विचारलं. सॅम्युएल. वीस. विलीने ते यादीत ओवेनच्या खाली टिपलं आणि म्हणाला, "सर, या शुक्रवारी साडेदहाला मिस्सामध्ये मी तुमच्या भावाचं नाव वाचणार आहे. तुम्ही या. नंतर चहा-वडेही आहेत."

बेलची मान लाल होती ती कानापर्यंत लाल झाली. मग म्हणाला, "किती वाजता म्हणालास?"

विलीला वाटलं, साहेबांचं मन भरून आलं. तो तसाच नऊ पावलं गेला आणि क्विनलाही आमंत्रण देऊन आला.

गुरुवारी दुपारी डब्याच्या वेळी त्याने हा पराक्रम शैलेंद्रला सांगितला. शैलेंद्र प्लॅनिंग इंजिनिअर. पुण्याचा असल्यामुळे त्याला सगळं माहीत असे. त्याच्या हातातली पोळी तशीच राहिली.

"अरे येड्या, बेल प्रोटेस्टंट आहे!"

"आयरिश आणि प्रोटेस्टंट?"

"उत्तर आयर्लंडमध्ये अर्धे ते अर्धे हे. तीस वर्षं एकमेकांना मारत होते, बाबा. बॉम्ब, गोळ्या, सगळं. साडेतीन हजारांच्या आसपास माणसं गेली. क्विनच्या भावाला बस स्टॉपवर गोळ्या घातल्या, का, तर कॅथलिक म्हणून. मग त्याचा बदला म्हणून कॅथलिकांतल्या कुणीतरी दूध टाकायला निघालेल्या बेलच्या भावाला उडवला. दोन्ही पोरांचा कशाशी काही संबंध नव्हता. अख्ख्या ऑफिसला माहितेय, तू एकटाच झोपलायस. आणि ऐक, प्रोटेस्टंट लोक मेलेल्यांसाठी प्रार्थना करतच नाहीत. त्यांना ते चालत नाही."

"मग मेल्यावर त्यांच्याकडे बघतं कोण?" विलीने कळवळून विचारलं.

"ते सोड. तुझ्याकडे कोण बघणार ते बघ. खलास झालास तू!"

विलीने बोंबलाच्या चटणीचा डबा तसाच बंद केला. घरी आल्यावर त्याने इसाबेलला सगळं सांगितलं. ती व्यवहारी बाई; म्हणाली, "मग त्यात काय, खोडून टाक ना नाव." विलीने पेन घेतलं. यादी समोर घेतली. अर्धा तास तो त्या सॅम्युएल बेलकडे बघत बसला. एकदा लिहिलेल्या मेलेल्या माणसाचं नाव खोडायचं म्हणजे त्याला दुसऱ्यांदा मारायचं, असं त्याला मनापासून वाटलं, आणि पेन चालेना. क्लेअरने पुस्तकातून डोकं वर काढून यादीत डोकावलं. "नाइन्टीन अँड ट्वेन्टी? डॅड, दॅट्स लाइक डॅरिल!" डॅरिल म्हणजे तिचा मावसभाऊ, कॉलेजात शिकणारा. विलीने पेनाचं टोपण लावून टाकलं.

शुक्रवारी हॉल भरला. क्विन दुसऱ्या रांगेत कडक इस्त्रीचा शर्ट घालून बसला होता. त्याला मराठी ओ की ठो कळत नसल्यामुळे शेजारची बाई उभी राहिली की तो उभा राही, आणि ती एकदा नातवाला शी करायला न्यायला उठली तेव्हा हाही दारापर्यंत गेला. बेल काही दिसत नव्हता. विलीने येशूचे मनोमन आभार मानले आणि यादी वाचायला उभा राहिला. आजोबा झाले, पणजोबा झाले, मुरलीधरची बायको झाली, तेवढ्यात मागचं दार उघडलं आणि हातात टोपी धरून नॉर्मन बेल भिंतीला लागून उभा राहिला.

न वाचावं तर बोलावून अपमान केला असं होईल, वाचावं तर क्विन भर मिस्सात भडकेल. आणि दोघांच्याही हातात विलीची मान. समोर क्लेअर बसली होती. त्याने तिच्याकडे पाहिलं आणि खणखणीत आवाजात वाचलं:

"ओवेन क्विन, वय एकोणीस. सॅम्युएल बेल, वय वीस."

लोक नेहमीप्रमाणे एका सुरात म्हणाले, "प्रभू, त्यांना चिरंतन शांती दे." 'त्यांना' म्हणजे दोघांनाही. क्विनने गर्रकन मागे वळून पाहिलं. पुढची बारा नावं विलीने कशी वाचली ते त्याला आजही आठवत नाही.

मिस्सा संपली तशी विली वड्यांच्या टेबलामागे दडायला निघाला, पण इसाबेलने दोन कागदी ताटल्या त्याच्या हातात कोंबून त्याला बाहेर ढकललं. पार्किंगमध्ये दोघे साहेब एका लॅण्ड क्रूझरच्या सावलीत उभे होते, मध्ये हातभर अंतर. विली ताटल्या घेऊन त्या अंतरात जाऊन उभा राहिला, कारण त्याला तिथेच उभं राहायची सवय होती.

बेल विलीकडे बघून म्हणाला, "यादी एबीसीडीच्या क्रमाने हवी. बेल आधी येतो, क्विन नंतर. सहा वर्षं डॉक्युमेंट कंट्रोलर आहेस, तुला एवढं कळू नये?"

"सॉरी सर," विली म्हणाला.

"ओवेन आधी गेला," क्विन म्हणाला. हे मात्र तो विलीला म्हणाला नव्हता. विलीच्या डोक्यावरून तो सरळ बेलकडे बघत होता. "तीन दिवस आधी."

बेलने हातातली टोपी दोन-तीनदा फिरवली. "हो," तो म्हणाला. "तीन दिवस. मंगळवारी तो. शुक्रवारी आमचा."

विलीला रडू फुटलं. हातात ताटल्या असल्यामुळे डोळे पुसता येईनात, तेव्हा बेलने एक ताटली घेतली, दुसरी क्विनने घेतली, आणि दोघांनी मिरचीचा वडा खाऊन आणखी लाल होण्याचा चमत्कार करून दाखवला.

यानंतर ऑफिसात काही बदललं म्हणाल तर काही नाही. पत्रं तशीच, नऊ पावलं तशीच. विली दिवस मोजत होता. महिन्याच्या शेवटच्या रविवारी रुकय्याबाईंनी त्याला बोलावलं आणि दार लावून घेतलं. विलीने क्रूसाची खूण केली.

"विलीभाई, मैंने बोला था एक मॅनेजर या चार लोग. बेलसाब ने गुरुवार को चिठ्ठी दी, अपना ही नाम लिख के. और क्विनसाब ने भी अपना ही नाम दिया. मैंने दोनों हेड ऑफिस भेज दिये. वो बोले, बहुत अच्छा, दोनों को छोड़ दो. आप चारों सेफ. अब इनको आपस में बात करनी नहीं आती तो मैं क्या करूँ?"

विली तडक क्विनच्या केबिनमध्ये घुसला. "सर, हे काय केलंत?"

"मला काय माहीत ते गाढवही स्वतःचंच नाव देईल? जा, त्याला म्हणावं, परत घे."

विली नऊ पावलं धावला. बेल कागद आवरत होता. "आधी त्याला घ्यायला सांग," तो म्हणाला. मग फोटोतल्या दुधाच्या गाडीकडे बघत म्हणाला, "चार नावं लिहायला बसलो, विली. पहिलं तुझंच लिहावं लागत होतं. आमच्या घरात सॅमीचं नाव बत्तीस वर्षांत कुणी मोठ्याने घेतलेलं नाही. आईला सोसत नाही. तू घेतलंस. तुझं नाव त्या कागदावर लिहायला हात धजेना."

विली त्या दिवशी अकरा खेपा धावला. दोघांपैकी कुणीही चिठ्ठी परत घेतली नाही. आधी कोण घेणार यावर सगळं अडलं, आणि तोवर हेड ऑफिसचं उत्तर छापूनसुद्धा आलं.

डिसेंबरात दोघांना विमानतळावर सोडायला विलीच गेला, त्याच्या जुन्या सनी गाडीतून. दोघांचं विमान एकच निघालं. गाडीत मागे दोघे दोन खिडक्यांना चिकटून बसले होते आणि विलीमार्फत एसीबद्दल वाद घालत होते. विली आरशात बघून निरोप पोचवत होता. घरी क्लेअरचे क्लास चालू होते, परीक्षेचं केंद्र ठरलं होतं, महिन्याच्या महिन्याला पगार येणार होता. आणि या दोन म्हाताऱ्यांना सोडताना त्याला आपली चोरी पकडली जावी तशी लाज वाटत होती.

विमानतळाच्या दारात सामान उतरवलं. क्विनच्या पाठीवरच्या बॅगची चेन उघडी होती आणि त्यातून पायजम्याची नाडी लोंबत होती. बेलने ते पाहिलं, घसा खाकरला आणि म्हणाला, "विली, क्विनला सांग, त्याची बॅग उघडी आहे."

विलीने हात जोडले. "सर, माझी ड्यूटी खलास. तुम्हीच सांगा."

बेल थोडा वेळ जागच्या जागी उभा राहिला. तोवर क्विन ट्रॉली ढकलत काचेच्या दारापर्यंत पोचला होता. मग बेल त्याच्यामागे झपाझप गेला, मध्ये विली नाही, कागद नाही, शिक्का नाही, आणि त्याने क्विनच्या खांद्यावर हात ठेवला.

"डर्मट," तो म्हणाला, "थांब जरा." आणि त्याने स्वतःच्या हाताने ती चेन ओढून लावली.