घरात कुणी न घेतलेलं नाव

माझ्या मुलाचं नाव अमीन. लिहिताना हाताला काही होत नाही, पण हे नाव तोंडानं घ्यायची वेळ आली की माझी जीभ टाळूला चिकटते. कारण ते आधी माझ्या सासऱ्यांचं होतं. सासऱ्यांचं नाव सुनेनं घ्यायचं नाही, ही आमच्याकडची रीत. नवऱ्याचं नाव बायकोनं घ्यायचं नाही, म्हणून सासूबाईंनी ते जन्मात घेतलं नव्हतं. बापाचं नाव मुलानं घ्यायचं नाही, म्हणून माझे यजमानही घेत नसत. म्हणजे घरात ज्या नावाला सगळ्यात जास्त मान, ते नाव घेणारं माणूसच घरात नाही. मुलाला आम्ही सगळे ‘बाबा’ म्हणत आलो. मलाही त्या घरात नाव नाहीच म्हणा. केस पिकले तरी सासूबाईंची मी अजून ‘दुल्हन’.

मी नांदेडला शाळेत मराठी शिकवते. दरवर्षी वर्गात एखादा अमीन असतोच. हजेरी घेताना मी त्याला क्रमांकानं हाक मारते, आणि एकालाच तशी कशी मारायची म्हणून मग सगळ्यांनाच क्रमांकानं हाक मारते. पोरांना वाटतं बाई फार शिस्तीच्या आहेत. त्यांचा गैरसमज मी कधी दूर केला नाही.

सासऱ्यांचं सायकलचं दुकान होतं, लातूरकडच्या मुरुडला, एसटी स्टँडला लागून. आजूबाजूच्या वाड्यावस्त्यांवरची माणसं सायकल त्यांच्याकडे लावायची आणि लातूरची गाडी धरायची. सायकलीबरोबर मग बाकीचंही यायचं. घराची किल्ली, बियाण्याची पिशवी, लग्नाच्या पत्रिकांचा गठ्ठा, माहेरी निघालेल्या लेकीची ट्रंक. ठेवून घेण्याचं ते काही मागत नसत. कुणी एक शेतकरी तर कोंबडी ठेवून गेला. संध्याकाळी येतो म्हणाला आणि लातूरला दवाखान्यात अडकला, आलाच नाही. ती कोंबडी आमच्या न्हाणीघराशेजारी टोपलीखाली राहिली आणि तिनं तिथंच अंडी द्यायला सुरुवात केली. माझे यजमान तेव्हा लहान होते, तापानं फणफणले होते. सासूबाई म्हणाल्या, एक अंडं उकडून देते पोराला. सासरे उठले, बाजारातून अंडी विकत आणली आणि ती त्यांच्या हातात दिली. कोंबडीची अंडी कोंबडीशेजारीच राहिली. शेतकरी आला तेव्हा त्याला कोंबडी मिळाली आणि अंडीही मिळाली. तो म्हणाला, अहो, खाऊन टाकायची होती. सासरे म्हणाले, तुम्ही कोंबडी ठेवली होती, खा म्हणून सांगितलं नव्हतं. सासूबाई ही गोष्ट सांगताना अजूनही चिडतात, आणि चिडता चिडता त्यांचा चेहरा उजळतो.

नावांच्या पुस्तकात अमीनचा अर्थ ‘विश्वासू’ असा देऊन मोकळे होतात. मला तो पुरत नाही. अरबीत अमीन म्हणजे ज्याच्या हाती आपली चीज सोपवून माणसानं निर्धास्त व्हावं असा. मक्केची माणसं पैगंबरसाहेबांना पैगंबरी मिळायच्या आधीपासून याच नावानं ओळखायची. आपल्या मोलाच्या वस्तू त्यांच्याकडे ठेवायची. पुढं त्याच लोकांनी वैर धरलं, तरी वस्तू ठेवायला दुसरी जागा त्यांना सुचली नाही. आणि जिवावर बेतून गाव सोडायची वेळ आली, तेव्हा वैऱ्यांच्या ठेवी ज्याच्या त्याला पोचवायला मागं माणूस ठेवूनच पैगंबरसाहेब निघाले. ही गोष्ट सासऱ्यांनी मला सांगितली तेव्हा ते पंक्चरची ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे बघत बसले होते. एवढी मोठी गोष्ट त्यांनी इतकी सहज सांगितली. वर्गात इमान, बेइमान, अमानत हे शब्द आले की मी मुलांना सांगते, हे सगळे एकाच अरबी घराण्यातले आहेत आणि आपल्याकडे ते इतके मुरलेत की परके वाटत नाहीत. त्या घराण्यातला एक माणूस मी जवळून पाहिला, हे मात्र सांगत नाही.

माझ्यावर तर त्यांचे उपकारच आहेत. मी भोकरची. बी.एड. अर्धवट असताना लग्न झालं. निरोपाच्या वेळी माझ्या वडिलांचा धीर सुटला, ते एवढंच म्हणाले की पोरीचं शिक्षण राहिलं. सासऱ्यांनी त्यांचा हात धरला आणि म्हणाले, “राहिलं कसं? तुम्ही ते माझ्याकडे अमानत दिलंय. मला पुरं करून परत द्यावं लागंल.” मला वाटलं, बोलायचं म्हणून बोलले. पण लग्नाची मेंदी उतरायच्या आत त्यांनी मला लातूरच्या कॉलेजात नेऊन बसवलं. रोज सकाळी गाडी स्टँडवर लागली की दुकानातून धावत जाऊन खिडकीतून रुमाल टाकायचे, माझी जागा धरायचे. गाडीतल्या बायाबापड्या हसायच्या. सुनेसाठी रुमाल टाकणारा सासरा त्यांनी पाहिला नव्हता, मीही नव्हता. शेवटचा निकाल लागला तेव्हा ते गुणपत्रिका घेऊन स्वतः भोकरला गेले आणि वडिलांच्या हातात देऊन आले. असा माणूस मला परत भेटला नाही.

बाबा जन्मला त्याच्या आदल्या वर्षी ते गेले. अकिक्याच्या दिवशी, आमच्याकडचं बारसंच ते, नाव काय ठेवायचं म्हणून चुलत सासऱ्यांनी दारातून विचारलं. सासूबाई म्हणाल्या, त्यांचंच. कुणाचं, असं चुलत सासरे मुद्दाम विचारत होते, त्यांना मजा वाटत होती. सासूबाईंनी खुंटीवरच्या सासऱ्यांच्या टोपीकडे बोट दाखवलं. मी मान खाली घालून हसत होते आणि रडतही होते. अशा रीतीनं माझ्या मुलाचं नाव टोपीकडे बोट दाखवून ठेवलं गेलं.

त्या मानाचा त्रास पहिल्यांदा कळला तो पोरगं पहिलीत गेल्यावर. शाळेतून निरोप आला, तुमचा मुलगा अजून एकदाही वर्गात आलेला नाही. मी रोज त्याला फाटकाच्या आत सोडत होते. तडक गेले आणि त्याच्या वर्गाच्या बाईंशी कडाक्याचं भांडले. मी स्वतः शिक्षिका, हजेरी कशी घेतात हे मला काय शिकवता, इथपर्यंत माझी मजल गेली. मग त्यांनी मला वर्गात नेलं. बाबा पहिल्याच बाकावर बसला होता. बाईंनी अमीन म्हणून हाक मारली, तर तो कोण अमीन ते बघायला मागं वळला. ते नाव आपलं म्हणून त्यानं कधी ऐकलंच नव्हतं. बाईंची माफी मागून मी घरी आले आणि सगळ्यांना सांगितलं की आजपासून पोराला नावानं हाक मारायची. सगळ्यांनी माना डोलावल्या. संध्याकाळी तो आला तेव्हा सासूबाईंनी विचारलं, “आला का बाबा?” आणि मीही तेच विचारलं.

आणि आता, यंदाच्या पावसाळ्यात, त्याला पुण्याच्या कॉलेजात प्रवेश मिळाला. रात्रीच्या जेवणाला बसण्याआधी सासूबाई शेपू निवडत होत्या, यजमान फोन बघत होते. बाबा म्हणाला की कॉलेजची कागदपत्रं पक्की व्हायच्या आधी त्याला नाव बदलून घ्यायचंय, राजपत्रात छापून. नवीन नाव त्यानं शोधून ठेवलं होतं, रेहान. माझं डोकंच फिरलं. मला भलतीच शंका आली. पुण्यात खोली बघताना नाव ऐकून एक-दोघांनी नकार दिला होता, ते मला माहीत होतं. मी म्हटलं, घाबरून नाव लपवतोस का? तो शांतपणे म्हणाला, लपवायचं असतं तर रेहान कशाला ठेवलं असतं? मग आमच्या दख्खनीत तो जे बोलला, ते मराठीत असं:

“अम्मी, तुमी सगळे त्या नावाचा इतका मान ठेवता की ते माझं झालंच न्हाई. आजोबांचंच राहिलं. माझ्या नावानं मला घरात कुणी हाक मारली न्हाई आजवर. कुणीतरी हाक मारंल असं एक नाव पाहिजे मला.”

त्याचं खरं होतं, आणि तरीही ते नाव आमच्या घरातून जाऊ नये असं मला वाटत होतं. त्याच्याशिवाय ते नाव लावणारं दुसरं कुणी नव्हतं. मी सासूबाईंकडे बघितलं. त्या शेपूच्या काड्या मोडत होत्या. मोडता मोडताच म्हणाल्या, पुण्याला जायचंय तर मुरुडहून जा, गावाला भेटून जा.

म्हणून सासूबाई, बाबा आणि मी असे तिघं मुरुडला गेलो. सायकलचं दुकान आता सासऱ्यांच्या पुतण्याकडे आहे. तिथं मोबाइलचे रिचार्ज होतात आणि मोटारसायकलींची पंक्चरं निघतात. शेजारच्या काकू स्टँडपर्यंत सोडायला आल्या. त्यांचं घर शेतकऱ्याचं, शेत गावाला लागून. सासूबाईंची आणि त्यांची जन्माची मैत्री, आणि जन्माचं एक भांडण. काकूंच्या घरी हळदीकुंकू असो, डोहाळजेवण असो, सगळ्या बायका उखाण्यात नवऱ्याचं नाव घ्यायच्या आणि काकू सासूबाईंच्या मागं लागायच्या की भाभी, आता तुमी घ्या. सासूबाई तोंडात साखर टाकायच्या आणि तोंड भरलंय म्हणून हातानं खुणावायच्या. काकूंनी अनेक वर्षं प्रयत्न केले, पण त्यांची डाळ शिजली नाही.

स्टँडवर बसलो होतो. एक म्हातारा शेतकरी आला, बाबाकडे निरखून बघितलं आणि विचारलं, “अमीनभाईचा नातू का?” बाबानं हो म्हटलं. म्हाताऱ्यानं हातातली भरलेली पिशवी बाबाच्या पायाशी ठेवली, “हितं असू दे” म्हणाला आणि निघून गेला. नाव विचारलं नाही, कधी येतो ते सांगितलं नाही. बाबा पिशवीकडे बघत राहिला.

पुण्याची गाडी आली. म्हाताऱ्याचा पत्ता नव्हता. मी म्हटलं, तू चढ, पिशवी मी बघते. तो जागचा हलला नाही. गाडीत जागा होत्या, चांगल्या खिडकीच्या. कंडक्टरनं घंटी मारली. मी चिडले, पिशवी ओढायला गेले. त्यानं पिशवीवर हात ठेवला.

“माझ्याकडं ठेवलीय,” तो म्हणाला.

गाडी गेली. मी भडकून काहीतरी बोलणार होते, तेवढ्यात सासूबाईंकडे लक्ष गेलं. त्या बाबाच्या त्या हाताकडे बघत होत्या. म्हातारा कितीतरी उशिरानं आला, दाढी करून आला होता. पिशवी उचलली, आभार वगैरे काही मानले नाहीत. त्याला त्यात विशेष काही वाटलंच नाही. दुकानात सासरे बसायचे तेव्हाही असंच असायचं.

दुसरी गाडी गर्दीनं भरून आली. रुमाल टाकायला आता कुणी नव्हतं. बाबानं सासूबाईंना सलाम केला, माझ्या गळ्यात पडला, बॅग खांद्याला लावली आणि गाडीकडे चालू लागला. दाराशी लोंबकळणाऱ्या माणसांत त्यानं एक पाय टाकला असेल नसेल.

“अमीन!”

हाक सासूबाईंची होती. मी त्यांचा एवढा मोठा आवाज कधी ऐकला नव्हता. दुकानापुढं बसलेल्या म्हाताऱ्यांनी माना वळवल्या, पुतण्यानं हातातला पाना खाली ठेवला. बाबा पहिल्या हाकेला वळला. पायरीवरून उतरला आणि धावत आला.

“हौ, दादी?”

सासूबाई त्याच्याकडे बघत राहिल्या. त्यांना द्यायचं काही नव्हतं, सांगायचं काही नव्हतं. त्यांनी त्याच्या गालाला हात लावला.

“कुछ नै,” म्हणाल्या. “जा.”

तो गेला. कंडक्टर ओरडला, गाडी निघाली. काकू सासूबाईंच्या जवळ सरकल्या. “भाभी,” त्या म्हणाल्या, “घेतलं की वो नाव शेवटी.” सासूबाईंनी पदर तोंडावर ओढला. त्यांचे खांदे हलत होते. हसताहेत की रडताहेत ते मला कळलं नाही, आणि काकूंनीही विचारलं नाही.

मुरुडच्या घराकडे चालताना सासूबाई एवढंच म्हणाल्या की दुल्हन, आता तुझी पाळी. रात्री पुण्याहून फोन आला. मी ओढणी डोक्यावर घेतली, का ते माहीत नाही.

“अमीन,” मी म्हटलं, “पोचलास का?”

पलीकडून रस्त्याचा आवाज येत होता.

“हौ अम्मी,” तो म्हणाला. “अमीन पोचला.”