जोडकमान आणि थोरले बाबा

धारहून देवासला येताना पळसाच्या रानात एक दगडी कमान लागायची. तिला लोक जोडकमान म्हणत. आजूबाजूला तट नाही, गाव नाही, नुसतीच कमान. तिच्याखालून एक माणूस गेला की पलीकडे दोन निघत. दोघांचा चेहरा एक, आठवणी एक, धोतरावरचा शाईचा डागसुद्धा एकाच जागी. मग येत्या अवसेच्या आत दोघांपैकी एकाने परत कमानीखाली जायचं. तो नाहीसा होई आणि उरलेला सुखाने जगे. कोणीच गेलं नाही तर अवसेला दोघंही नाहीसे. खरा कोण याच्याशी कमानीला काही देणंघेणं नव्हतं. टोंकखुर्दच्या एका हलवायाचे असेच दोन झाले, दोघंही शेवटपर्यंत हटून बसले आणि त्या घरची मिठाई कायमची बंद झाली.

म्हणून शहाणी माणसं तिथे गाडीतून उतरत. गाडी नाल्यातून रिकामी जाई आणि माणसं कमानीला वळसा घालून पाऊलवाटेने चालत. आमचे बाबाही शहाणेच होते, पण फार अदबशीर. पंक्तीत ते शेवटी बसायचे. वाढप त्यांच्यापर्यंत पोचेतो श्रीखंड संपलेलं असायचं आणि आई आतून भांडी आपटायची. ते धारहून कचेरीचं काम आटोपून येत असताना त्या अरुंद वाटेवर समोरून कोणी सरदार आले. "आपण आधी," असं म्हणून बाबा दोन पावलं बाजूला सरले, ते नेमके कमानीखाली.

संध्याकाळी गाडी दाराशी थांबली. गाडीवान आईला म्हणाला, "बाई साब, म्हने तो एक सवारी बठाड़ी थी, उतरी री हे दो. भाड़ो दोइ को लागेगो." एक बसवला, उतरले दोन आणि भाडं दोघांचं, हे ऐकून आई ओसरीच्या खांबाला धरून उभी राहिली. मी तेव्हा जाणती होते; मला रडू आलं आणि त्याच वेळी हसूही आलं, त्याची मला अजून लाज वाटत नाही.

दुसऱ्या एखाद्या गावात बोंबाबोंब झाली असती. पण आमच्या देवासात गाद्या दोन, राजे दोन, कचेऱ्या दोन. रस्त्याची एक बाजू थोरल्या पातीची, म्हणजे थोरल्या गादीची, तर दुसरी धाकट्या पातीची. बाबाही दोन झाले म्हणून कोणाचं जेवण अडलं नाही. शेजाऱ्यांनी एवढंच विचारलं की थोरले कोणते? बाबांच्या थोरल्या बहिणीने, म्हणजे आमच्या आत्याने, तो निवाडा उंबऱ्यावरच केला. जे आधी आत आले ते थोरले, मागून आले ते धाकटे. आणि थोरले तेच खरे, यावर सगळ्या आळीचं एकमत झालं. मान ज्याचा, माणूस तोच, असंच आमच्याकडे चालायचं. अवसेच्या आत धाकट्यांनी जायचं असं ठरलं.

खात्रीसाठी आत्याने दोघांना लहानपणच्या गोष्टी विचारल्या. दोघांनी एकच उत्तर दिलं, वर तिचीच चूक दाखवली. तिने पुन्हा विचारलं नाही.

थोरले बाबा रोज आपल्या कचेरीत जात. धाकट्यांना घरात बसवेना, तर धाकट्या पातीच्या कचेरीने त्यांना आनंदाने ठेवून घेतलं. अक्षर तेच होतं, आणि पलीकडे आहे ते आपल्याकडेही असलं म्हणजे बरं. घरी पहिला पाट थोरल्यांचा, पहिली वाढ थोरल्यांची. पहिल्या दिवशी ते जरा संकोचले असावेत, पण चारआठ दिवसांत पाट मांडायला उशीर झाला तर खाकरू लागले. आईने मुद्दाम चक्का टांगून श्रीखंड केलं आणि दोघांच्या ताटांकडे बघत बसली. मला मात्र काही ठरवता येईना. दिवेलागणीला दोघंही माझ्या डोक्यावर हात ठेवून एकाच आवाजात विचारायचे, "आज काय वाचलंस?" यांतला एक आपल्या हाताने पाठवायचा, आणि तोच माझा बाप निघाला तर? 

धाकटे बाबा तर जायला तयारच होते. "त्यांना राहू दे, मी जातो," असं ते आपण होऊन म्हणाले. आत्याने कौतुकाने त्यांच्या हातावर दही घातलं.  आईने नारळ, शेला, रांगोळी आणि घरातला सगळ्यांत चांगला पाट गाडीत ठेवला. अवसेच्या आदल्या दिवशी आम्ही सगळे जोडकमानीपाशी गेलो.

ऊन चांगलं वर आलं होतं. आईने कमानीखाली लांबूनच पाट सरकवला, अलीकडे रांगोळी काढली, शेला पसरला. धाकटे बाबा मुकाट पुढे निघाले, तेवढ्यात ती म्हणाली, "थांबा. मानाचा पाट आहे. थोरले असताना धाकट्यांनी कसं बसायचं?"

धाकटे बाबा तिथेच थबकले. गोरेमोरे झाले. मग दोन पावलं मागे सरून हात जोडून म्हणाले, "खरंच की. आपण आधी."

थोरल्यांनी पगडी सारखी केली, शेला खांद्यावर घेतला आणि सगळे बघताहेत ना याची खात्री करून ते पाटाकडे गेले. मला त्यांना हाक मारावीशी वाटली. कोणीही असोत, इतके दिवस त्यांनीही माझ्या डोक्यावर हात ठेवला होता. ते बसले, आणि पाट रिकामा झाला.

परतताना गाडीत बाबांनी हळूच विचारलं, "खरा कोण, हे तुला पहिल्यापासून माहीत होतं का गं?"

"नाही," आई म्हणाली. "आणि तुम्ही ‘आपण आधी’ म्हणाला नसतात, तर आज मी कोणाला घरी घेऊन चालले असते, तेही मला कळलं नसतं."  बाबांनी तिचा हात धरला, आत्यासमोर. तसं मी आधी कधी पाहिलं नव्हतं.

रात्रीच्या जेवणाला आईने एकच पाट मांडला, पहिला. बाबा त्याच्यापाशी आले, थांबले आणि सवयीने मागे वळून कोणाला पुढे करावं ते पाहू लागले. मागे कोणीच नव्हतं.

"बसा," आई म्हणाली.