ग्रँडमास्टर खुर्ची ओढून समोर बसल्या तेव्हा...

गेल्या रविवारी निजामपुऱ्यातल्या एका शाळेच्या सभागृहात मी चक्क एका ग्रँडमास्टरविरुद्ध बुद्धिबळ खेळले... हे वाक्य सकाळपासून कितीदा तरी खोडून पुन्हा लिहिलं आहे, कारण ते अजून मलाच खरं वाटत नाही.

मला ग्रँडमास्टरांची चरित्रं वाचण्याचा नाद आहे. कोण कितव्या वर्षी घराबाहेर पडलं, कोणाचा किताब शेवटच्या फेरीत कसा निसटला, हे सगळं मला नातेवाइकांच्या हकिकतींसारखं पाठ असतं. प्रत्यक्ष खेळ मात्र फक्त बाबांशी, त्यांना कोयलीच्या रिफायनरीतून सुट्टी असेल त्या दिवशी... आणि त्यांनीच मला न विचारता माझं नाव देऊन टाकलं होतं.

पाहुण्या मॅडम मराठी घरातल्या. खेळाआधी त्या थोडं बोलल्या. किताबासाठी परदेशात फिरताना हॉस्टेलच्या किटलीत खिचडी शिजवायच्या, आणि हरल्या की घरी फोन करण्याआधी तो डाव पुन्हा मांडून बसायच्या... इतकी वर्षं पुस्तकांत वाचलेलं आयुष्य साध्या कॅनव्हासच्या बुटांत माझ्यापासून चार हातांवर उभं होतं.

त्या एकट्या आणि आम्ही वीस-पंचवीस जण. टेबलं चौकोनात मांडलेली, मॅडम आतून फिरणार. त्या आपल्यापाशी आल्या की आपण चाल करायची, त्या उत्तर देणार आणि पुढच्या पटाकडे जाणार.

यातली एक गंमत मी कुठेच वाचली नव्हती. सुरुवातीला विचाराला भरपूर वेळ मिळतो, कारण त्यांना पूर्ण फेरी मारायची असते. पण शेजारचे हरून उठू लागले की फेरी आखडत जाते... डाव अवघड होत जातो आणि मॅडम मात्र अधिकाधिक लवकर परत येतात.

माझ्या पटावर शेवटी दोघींचे राजे, एकेक हत्ती आणि त्यांचं एक जादा प्यादं उरलं. हत्ती एका आडव्या ओळीवर रोवून ठेवायचा आणि समोरच्या राजाला ती ओलांडू द्यायची नाही, म्हणजे डाव वाचतो, एवढं वाचलेलं आठवत होतं. मी तेवढंच करत राहिले... मान खाली घालून.

मान वर केली तेव्हा बाकीची सगळी टेबलं रिकामी झाली होती. आता फक्त माझाच डाव उरला होता. मागून एक काका गुजरातीत तेच म्हणाले, "हवे तो आ एक ज बाकी छे." सगळी गर्दी माझ्याभोवती आली. आणि मॅडमनी खुर्ची ओढली, समोर बसल्या, पाण्याचा घोट घेतला आणि माझ्याकडे पाहिलं.

ग्रँडमास्टर आता फक्त माझ्याशी खेळत होत्या... आनंदाने आणि भीतीने माझे कान अक्षरशः गरम झाले.

त्यांचा राजा पुढे येई, वाट सापडली नाही की मागे जाई. माझा हत्ती त्याच ओळीवर इकडून तिकडे. असं होता होता तीच स्थिती तिसऱ्यांदा पटावर आली आणि चाल माझी होती.

अशा वेळी डाव बरोबरीत सुटतो. पण आपण होऊन मागावं लागतं, तेही चाल करण्याआधी आणि तोंडाने. वर्गात उत्तर येत असूनही कधी हात वर न केलेल्या माझ्यासारखीला हे शिकवायला कोणतंच पुस्तक पुरं पडत नाही.

"मॅडम... बरोबरी. तीच स्थिती तीनदा झाली."

"काय म्हणालीस?"

पुन्हा म्हणावं लागलं. त्यांनी पटाकडे पाहिलं आणि शांतपणे म्हणाल्या, "नाही, दोनदाच झालीये. खेळ."

त्या ग्रँडमास्टर. मी कोण... माझा हात हत्तीकडे निघालासुद्धा. हत्तीला बोट लागलं असतं तर तो हलवावाच लागला असता आणि मागणी तिथेच संपली असती, आणि पुढे एक चूक झाली की अख्ख्या दुपारचा डाव हातचा गेला असता. घाई करू नको अशा सुरात काका पुटपुटले, "बेन, शांतिथी."

मी हात मागे घेतला. "नाही मॅडम, तीनदाच. पहिल्यांदा झाली तेव्हा तुम्ही अजून फिरत होतात. राजा मागे घेतलात आणि लगेच पलीकडच्या पटाकडे गेलात." मग तिथपासूनच्या दोघींच्या चाली एकामागून एक म्हणून दाखवल्या. एकही चाल चुकली नाही.

"थांब," त्या म्हणाल्या आणि डोळे मिटले. टेबलावर त्यांची बोटं हळूहळू हलत होती, जणू त्या चाली पुन्हा खेळत.

डोळे उघडून त्यांनी हात पुढे केला. "बरोबर आहे तुझं. ती पहिली वेळ माझ्या मोजण्यातून सुटली होती. आता सांग, हत्तीचं हे कुठे शिकलीस?"

मग पंधरा मिनिटं आम्ही तोच डाव उलटसुलट मांडून पाहिला. मी कुठे हरू शकत होते हे त्यांनी दाखवलं... आणि अशा जागा मला वाटलं होतं त्यापेक्षा फारच जास्त निघाल्या.

स्कूटरवर बाबा म्हणाले, "घरी भाजीत मीठ कमी आहे हेसुद्धा सांगत नाहीस. ग्रँडमास्टरांना मात्र बरी ‘नाही’ म्हणालीस." मी मागे बसून एकटीच हसत होते.

मॅडमना बरोबरीचा तो अर्धा गुण मला कौतुकाने देऊन टाकता आला असता. दमल्या होत्या, संध्याकाळ झाली होती, टाळ्याही पडल्या असत्या... पण त्यांनी डोळे मिटून माझी प्रत्येक चाल तपासली आणि मगच हात पुढे केला. इतक्या गांभीर्याने मला आजवर कोणी ऐकलं नव्हतं, आणि त्यासाठी मी त्यांची मनापासून ऋणी आहे.